येलदरीचें पाणी

तळें म्हटलें कीं पुण्याकडील मंडळींच्या डोळ्यांपुढें लोणावळ्याचा वळवण तलाव उभा राहतो, नाहीं तर मुळशी किंवा पानशेत. डोंगरावरून उतरणारें धुकें आणि हातांत भाजलेलें कणीस, इतकें जमलें म्हणजे जलाशय पाहून झाला अशी आपली समजूत असते. परंतु मराठवाड्यांत, परभणी व हिंगोली या दोन जिल्ह्यांच्या सीमेवर, पूर्णा नदी अडवून केलेला एक विस्तीर्ण जलाशय आहे. त्याचें नांव येलदरी. सह्याद्रीच्या तळ्यांकडे लोटणारी गर्दी त्या वाटेला जात नाहीं. आम्हीही इतकीं वर्षें गेलों नव्हतों. वास्तविक त्या पाण्याशीं आमच्या घराचें नातें आहे. आमच्या थोरल्या काकूंचें माहेर त्याच्या तळाशीं आहे.

काकू १९५७ सालीं लग्न होऊन पुण्यास आल्या. त्यांचे वडील पूर्णेकांठच्या एका गांवचे कुलकर्णी. माळवदाचें घर, पुढें ओसरी, मागें गोठा, परसांत विहीर, आणि दोन शेतें ओलांडलीं कीं नदी. पुढें कांहीं वर्षांनीं धरणाचें काम वर येऊं लागलें आणि एके दिवशीं काकूंच्या भावाचें पत्र आलें. त्यांत मोजक्याच ओळी होत्या. घर सोडलें, चौकट, दारें व माळवदाचीं लांकडें तेवढीं गाडींत घालून आणलीं, तुळस आणली, विहीर आणतां येत नाहीं. काकूंनीं पत्राची घडी करून तें देवघरांत पोथीखालीं ठेवलें आणि त्या स्वयंपाकास लागल्या. घरांत तेव्हां दोन वेळां पंधरा पानें होत असत. बसून रडावयास कोणास सवड होती?

यानंतर काकूंना एक खोड लागली. रिकाम्या खोलींत दिवा जळतांना दिसला कीं त्या हातांतलें काम टाकून उठत व तो बंद करीत. आम्हीं सर्वांनीं ही काटकसर म्हणून धरली होती. गेल्या दिवाळींत त्यांचा नातू, जो विजेच्या शास्त्राचा पदवीधर आहे, थट्टेनें म्हणाला, “आजी, एका दिव्यानें असें काय बिल वाढतें?” तेव्हां काकू म्हणाल्या, “बिलाचें नव्हे रे. त्या दिव्यासाठीं कुणाचें तरी घर गेलेलें असतें.”

मग काय, फराळाचीं ताटें तशींच राहिलीं आणि घरांत दोन तट पडले. आमचे मधले बंधु पाटबंधाऱ्याच्या कामांत आयुष्य घालवून निवृत्त झालेले. त्यांस घरांत सर्व दादा म्हणतात. ते म्हणाले, “धरण झालें नसतें तर परभणी-हिंगोलीकडच्या लोकांनीं उन्हाळ्यांत काय प्यावें?” दुसऱ्या बाजूस आमच्या सूनबाई, त्या म्हणाल्या, “पण ज्यांचें गेलें त्यांना कोणीं विचारलें?” नातवानें तिसरेंच काढलें: येलदरीची वीज पुण्यास येतेच असें कोणीं सांगितलें? वाद रंगला. काकू बराच वेळ ऐकत होत्या. शेवटीं म्हणाल्या, “तुम्हीं कोणीच तें पाहिलेलें नाहीं आणि मीही नाहीं. मला एकदां नेऊन दाखवा. मग भांडा.”

अशा रीतीनें पौषांत, संक्रांत आटोपल्यावर, आम्ही सहा जणें निघालों.

आगगाडीनें सकाळीं पूर्णा जंक्शनवर उतरलों. स्टेशनची पाटी पाहून काकूंचा चेहरा क्षणभर खुलला. माहेरच्या माणसाचें नांव परक्या गांवीं ऐकूं यावें तसें त्यांस झालें असावें. येथें वाचकांसाठीं एक खुलासा करावयास हवा. महाराष्ट्रांत पूर्णा नांवाच्या एकाहून अधिक नद्या आहेत. वऱ्हाडांतून वाहणारी पूर्णा तापीला मिळते. ही आमची पूर्णा अजिंठ्याच्या डोंगरांत उगम पावून आग्नेयेकडे वाहत येते आणि पूर्णा गांवाच्या परिसरांत, कंठेश्वराजवळ गोदावरीला मिळते. म्हणजे आम्ही नदीच्या शेवटाशीं उतरलों होतों, आणि काकूंच्या माहेरीं जावयाचें तर प्रवाहाच्या उलट वर चढत जाणें भाग होतें. दादांनीं मार्गही तसाच आंखला होता: आधीं वसमत, मग औंढा, मग सिद्धेश्वर, आणि शेवटीं येलदरी.

हा मुलूख आमच्या लहानपणीं आम्हांस निजामाचा म्हणून ठाऊक होता. १९४८ च्या सप्टेंबरांत हैदराबाद संस्थान भारतांत विलीन झालें, १९५६ सालीं मराठवाडा द्वैभाषिक मुंबई राज्यांत आला आणि १९६० सालीं महाराष्ट्रांत. हिंगोली तर पुढेंही बरींच वर्षें परभणी जिल्ह्याचाच भाग होती. १ मे १९९९ रोजीं तिचा स्वतंत्र जिल्हा झाला. काकू एकाच नदीकांठीं जन्मल्या, वाढल्या, आणि तेवढ्या अवधींत त्यांच्या गांवावरील राज्य बदललें. पुढें तर गांवच उरलें नाहीं.

वसमतच्या वाटेवर काळी जमीन दुतर्फा पसरलेली होती. कापसाची वेंचणी सरत आली होती, तुरीच्या शेंगा वाळल्या होत्या, आणि मधूनमधून हळदीचीं पिंवळीं पडलेलीं शेतें दिसत होतीं. पाला वाळला म्हणजे कंद पोसला, आतां खणणीस हरकत नाहीं, असें समजतात. वसमतची हळदीची बाजारपेठ सर्व महाराष्ट्रांत नांवाजलेली आहे. येथील हळदीस २०२४ सालीं भौगोलिक मानांकनही मिळालें. रस्त्याच्या एका वळणावर कालवा आडवा आला. कांठोकांठ भरलेलें, गढूळ, वेगानें जाणारें पाणी पाहून दादांनीं मोटार थांबवावयास लाविली.

“हें पाणी कोठलें, ओळखा पाहूं,” ते म्हणाले.

“पूर्णेचें,” काकू तात्काळ म्हणाल्या.

“पूर्णेचें खरें, पण हें येलदरीहून आलें आहे. रब्बीची पाळी चालू आहे.”

काकू कांहीं बोलल्या नाहींत. सूनबाईंनीं बाजारांत हळद घेण्याविषयीं सुचविलें, तेव्हां त्या इतकेंच म्हणाल्या, “हळद काय पुण्यास मिळत नाहीं?” आणि आम्ही पुढें निघालों.

मुक्काम औंढ्यास केला. माहेरीं जाण्यापूर्वीं नागनाथाचें दर्शन, असा काकूंचा आग्रह होता. औंढा नागनाथ हें बारा ज्योतिर्लिंगांपैकीं एक म्हणून आपल्याकडे मानतात. हेमाडपंती बांधणीचें हें देऊळ बाहेरून भव्य, परंतु लिंग मात्र तळघरासारख्या लहानशा गाभाऱ्यांत आहे. अरुंद वाटेनें वांकून खालीं उतरावें लागतें. भिंतींवरील शिल्पें पाहतांना मान दुखेल, पण डोळे थकणार नाहींत. नामदेवांचें कीर्तन मागच्या बाजूस चालू राहावें म्हणून देऊळच फिरलें, ही कथा सर्वांस ठाऊक आहे. नामदेवांचें नरसी गांव याच हिंगोली जिल्ह्यांत, कयाधू नदीच्या कांठीं आहे. आणि त्यांचे गुरु विसोबा खेचर यांची कथाही याच स्थानाशीं जोडलेली: पिंडीवर पाय ठेवून निजलेले विसोबा नामदेवांस म्हणाले, जेथें देव नाहीं तेथें माझे पाय उचलून ठेव, आणि नामदेवांस तशी जागा सांपडेना. रात्रीं ओवरींत बसून दादांनीं ही कथा मुलांस सांगितली. काकू जपमाळ ओढीत ऐकत होत्या.

दुसऱ्या दिवशीं सकाळीं सिद्धेश्वर धरण पाहिलें. हें औंढा तालुक्यांत, येलदरीच्या खालच्या अंगास त्याच नदीवर आहे. भिंत फार उंच नाहीं, सुमारें ३८ मीटर. परंतु लांबी ६ किलोमीटरांहून अधिक. येथें दादांनीं आम्हां सर्वांस जें समजावून सांगितलें तें वाचकांसही उपयोगी पडेल, म्हणून थोडक्यांत देतों.

येलदरी व सिद्धेश्वर हीं दोन धरणें मिळून पूर्णा प्रकल्प होतो, व दोन्ही १९६८ सालीं पुरीं झालीं. येलदरी हें कोठार आणि सिद्धेश्वर ही वाढणी. पावसाळ्यांतील पाणी येलदरींत सांठतें. त्या जलाशयाची एकूण सांठवण ९३ कोटी घनमीटरांहून अधिक आहे, म्हणजे सुमारें ३३ टी.एम.सी. सिद्धेश्वराची त्याच्या साधारण चौथाई. येलदरीचें पाणी नदीच्या पात्रांतूनच खालीं सोडतात. सिद्धेश्वर तें झेलतो आणि येथून निघालेले कालवे तें परभणी, हिंगोली व नांदेड जिल्ह्यांतील शेतांवर नेतात. परभणी, जिंतूर, हिंगोली, वसमत यांच्या पिण्याच्या पाण्याचा आधारही हेच दोन जलाशय.

“मग वीज?” नातवानें विचारलें.

“वीज वाटेंत होते,” दादा म्हणाले, “आणि हीच येथली मौज आहे.”

ती मौज येलदरीस पोंचल्यावर उमगली. जिंतूरवरून उत्तरेस गेलें कीं थोड्या वेळानें जमीन खालींवर होऊं लागते आणि एकाएकीं समोर भिंत दिसते: ४ किलोमीटरांहून लांब, पायापासून ५१ मीटर उंच; दोन्ही हातांस मातीचा भराव आणि मध्यें दगडी बांधाचा सांडवा. वर चढून पलीकडे पाहिलें आणि आमचें बोलणें आपोआप थांबलें. निळें पाणी पश्चिमेकडे पसरत गेलेलें, त्यांत शिरलेलीं जमिनीचीं बोटें, उघड्या टेकड्या, आणि पलीकडचा कांठ हिंगोली जिल्ह्याच्या सेनगांव तालुक्याचा. सह्याद्रींतील तळ्यांसारखी येथें रानाची महिरप नाहीं. आकाश आणि पाणी यांच्यामध्यें एक भुरी रेघ तेवढी. दूर चक्रवाकांची जोडी पोहत होती व एका बुडालेल्या झाडाच्या शेंड्यावर पाणकावळे पंख वाळवीत बसले होते.

धरणाच्या पायथ्याशीं वीजघर आहे. उंचावरचें पाणी नळांतून खालीं पडतांना चक्रें फिरवितें आणि चक्रांबरोबर जनित्रें फिरतात; तीन संच, प्रत्येक साडेसात मेगावॅटचा, मिळून साडेबावीस. हा आंकडा ऐकून पुष्कळांस कांहींच बोध होत नाहीं. म्हणून सांगतों कीं एक किलोवॅटची एक याप्रमाणें साडेबावीस हजार इस्त्र्या एकदम तापतील इतकी ही शक्ति. कोयनेचे सर्व टप्पे मिळून १९६० मेगावॅट होतात. त्यांच्यापुढें येलदरी म्हणजे हत्तीपुढें कोकरूं.

परंतु दादांच्या म्हणण्यांतील मर्म निराळें होतें. लोणावळ्याचीं तळीं, ज्यांच्या पाण्यावर खोपोलीस वीज होऊन १९१५ पासून मुंबईच्या गिरण्यांस मिळूं लागली, तीं विजेसाठींच बांधलीं. त्यांचें पाणी घाटाखालीं कोंकणांत उतरतें. मुळशीचेंही तसेंच, त्या धरणाविरुद्ध सेनापति बापटांच्या नेतृत्वाखालीं १९२१ सालीं शेतकऱ्यांनीं सत्याग्रह केला, हें आपल्या घरांतील वडीलधाऱ्यांच्या तोंडून आपण ऐकलेलें आहे. कोयनेचें पाणीही सह्याद्रि भेदून पश्चिमेस समुद्राकडे वळविलें आहे. पूर्णेचें तसें नाहीं. तिचें पाणी तिच्याच पात्रांत परत पडतें, खालीं सिद्धेश्वरास जातें आणि शेतांत मुरतें. पहिला हक्क शेताचा व तहानेचा. तेथें जावयास निघालेलें पाणी वाटेंत चक्रें फिरवून जातें, इतकेंच. म्हणूनच पाणी सोडावयाचें नसेल तेव्हां, किंवा अवर्षणांत जलाशय आटतो तेव्हां, हीं चक्रें थांबून राहतात. एकाच पाण्यानें दोन कामें केलीं आणि पाणी उणें झालें नाहीं. दळणाची बाई ओवी गाते म्हणून पीठ कमी पडत नाहीं, तशांतला हा प्रकार.

“आणि ती वीज पुण्यास येते कीं नाहीं?” सूनबाईंनीं जुना वाद उकरला.

नातू आतां गंभीरपणें म्हणाला, “सर्व महाराष्ट्राच्या तारा एकमेकींस जोडलेल्या आहेत. येथली वीज त्याच जाळ्यांत पडते. ओंजळभर पाणी समुद्रांत टाकल्यावर त्याची लाट कोणत्या किनाऱ्यास लागली, तें कोणी सांगावें? पण आपल्या दिव्यांत तिचा कांहींच अंश नाहीं, असें मी आतां म्हणणार नाहीं.”

काकू भिंतीच्या कठड्याशीं उभ्या होत्या. त्यांनीं पुण्याहून एक पिशवी बरोबर आणली होती. तींत खण, नारळ, तांदूळ, हळकुंड, सुपारी. पूर्णेची ओटी भरावयाची असें त्यांच्या मनांत होतें. त्यांनीं पाण्याकडे पाहिलें, उजवीकडे पाहिलें, डावीकडे पाहिलें. “कोठें असेल रे?” त्या दादांस म्हणाल्या. दादांजवळ नकाशा होता, परंतु त्यांस बोट दाखवितां येईना. ज्यांनीं आयुष्यभर कालवे आंखले त्यांस आपल्या काकूंचें गांव दाखवितां येऊं नये, हें त्यांच्या मनास लागलेलें आम्हांस स्पष्ट दिसत होतें.

तेव्हां आम्ही कांठाकांठानें, मोटार जाईल तेथवर गेलों. पाण्याच्या वरच्या अंगास एक वस्ती लागली. शेताच्या बांधावर साठीपासष्टीचे एक गृहस्थ पंपाची नळी सरळ करीत होते. काकूंनीं आपल्या जुन्या गांवाचें नांव घेऊन विचारपूस केली. गृहस्थांनीं नळी खालीं ठेवली.

“आमचंच गाव ते. म्या पाळण्यात होतो, तवा वर आणून वसवलं. तुम्ही कुणाच्या?”

काकूंनीं वडिलांचें नांव सांगितलें.

“म्हंजी कुळकर्ण्याची लेक! मंग तुम्ही आमच्या आत्याच की. उन्हात कामून उभ्या?”

त्यांनीं झाडाखालीं बाज टाकली. त्यांच्या पत्नीनें तांब्याभर पाणी व गुळाचा खडा आणून दिला. गृहस्थांनीं पाण्याकडे हात करून एक टेकाड दाखविलें. त्याच्या पुढें थोडें डावीकडे, इतकें त्यांच्या वडिलांनीं त्यांस दाखवून ठेविलें होतें. काकू तिकडे पुष्कळ वेळ पाहत राहिल्या. पाण्यावर उन्हाचे काप चमकत होते. दुसरें कांहीं नव्हतें.

दादांनीं शेताची चौकशी केली. तेव्हां जी गोष्ट कळली ती आम्हांपैकीं कोणाच्या ध्यानांत आली नव्हती, आणि दादांच्या ध्यानांत असूनही त्यांनीं कधीं अशी समोरासमोर पाहिली नसावी. कालवा पाणी नेतो तो उतारानें, सिद्धेश्वराच्या खालीं. धरणाच्या वरच्या कांठीं जे राहिले त्यांच्या डोळ्यांसमोर सारा समुद्र असतो, पण त्यांच्या शेतांत तो आपल्या पायांनीं चढत नाहीं. त्याला वर आणावयाचें तर पंप हवा, आणि पंपास वीज हवी. गृहस्थ शांतपणें सांगत होते: कधीं दिवसा येते, कधीं रात्रीं, रात्रीं आली कीं कंदील घेऊन बांधावर बसावयाचें. त्यांच्या सांगण्यांत तक्रार नव्हती. पाऊस कसा पडला हें सांगावें, तसें ते सांगत होते.

“मग धरण वाईटच म्हणावयाचें का?” सूनबाईंनीं विचारलें.

ते हंसले. “वाईट कसं म्हणावं ताई? माझी लेक खाली वसमतकडं दिलीय. तिच्याकडं कालव्याचं पाणी हाय, हळद हाय. तिकडं बरं हाय म्हणूनच तर दिली.”

काकूंनीं पिशवी उचलली आणि त्या पाण्याच्या कडेपर्यंत गेल्या. पण तशाच मागें फिरल्या. “येथें नको,” त्या म्हणाल्या. “हें पाणी उभें आहे. ओटी भरावयाची ती नदीची. नदी वाहते कोठें?”

या प्रश्नाचें उत्तर दादांजवळ होतें. आम्ही धरणाच्या खालच्या अंगास आलों. ते शेतकरी गृहस्थ व त्यांच्या पत्नी आपण होऊन बरोबर आलीं. वीजघरांतून निघालेलें पाणी येथें पात्रास लागून, दगडांवरून खळाळत पुढें जात होतें. लव्हाळीं होतीं, वाळू होती, एक धोबी पक्षी शेपटी हालवीत होता. काकूंनीं वांकून हात बुडविला आणि म्हणाल्या, “ही ती. हिची अशीच गार धार लागत असे.”

आतां निराळाच पेंच पडला. काका जाऊन बारा वर्षें झालीं आहेत. काकूंनीं पिशवी सूनबाईंपुढें केली आणि म्हणाल्या, “तूं भर, मी हात लावणार नाहीं.” आम्ही पुरुष मंडळी गप्प. मुंबई-पुण्याकडे आपण सुधारलों असें म्हणतों, व्याख्यानें ऐकतों, लेखही लिहितों. पण ऐंशी उलटलेल्या काकूंस “तुम्हीच भरा” असें सांगण्याचा धीर आम्हां चौघांपैकीं एकासही झाला नाहीं. तो धीर त्या शेतकऱ्याच्या पत्नीस झाला. ती पुढें होऊन म्हणाली, “आत्याबाई, माहेरच्या लेकीला कसली आडकाठी? सासरचं नेम सासरी. हितं तुम्ही लेक हाव. भरा.”

काकूंनीं तिच्याकडे पाहिलें. मग पदर खोंचला, गुडघ्यांवर हात टेकून खालीं बसल्या आणि स्वतः पूर्णेची ओटी भरली. खण पाण्यावर क्षणभर पसरला, फिरला आणि धारेबरोबर सिद्धेश्वराच्या दिशेनें निघून गेला. काकूंच्या डोळ्यांस पाणी आलें. आम्हांस वाटतें, साठ वर्षांपूर्वीं पोथीखालीं ठेविलेलें पत्र त्यांनीं त्या घटकेस पुरतें वाचलें.

उठतांना त्या दादांस म्हणाल्या, “काल तूं विसोबाची गोष्ट सांगितलीस. मी वेडी, गांव कोठें तें शोधीत होतें. गांवावरचेंच पाणी हें. येथें वाहतें आहे, आणि तिकडे कालव्यांतही वाहत होतें.”

परतीच्या वाटेवर वसमत आलें तेव्हां काकूंनीं होऊन मोटार थांबविली. बाजारांत जाऊन दोन किलो हळकुंडें त्यांनीं स्वतः पारखून, मोडून, वास घेऊन विकत घेतलीं. पुण्यास हळद मिळत नाहीं का, असें त्यांस विचारण्याचें धैर्य कोणास झालें नाहीं.

घरीं आल्यावर जुना वाद पुन्हां निघाला नाहीं असें नाहीं. दादा अजूनही म्हणतात कीं धरण हवेंच होतें. परंतु आतां ते त्यापुढें जोडतात कीं, वरच्या कांठच्या लोकांच्या शेतांत पाणी चढवून देण्याची व्यवस्था हा धरणाचाच एक भाग समजला पाहिजे, उपकार नव्हे. सूनबाई म्हणतात कीं, विचारावयास हवें होतें. परंतु त्यांसही वसमतचीं शेतें विसरतां येत नाहींत. आम्हांस स्वतःस इतकेंच वाटतें कीं, अशा हिशेबाची वजाबाकी ज्यांचें कांहीं गेलें नाहीं त्यांनीं घरीं बसून करूं नये. निदान एकदां त्या कांठीं जाऊन, बाजेवर बसून, तांब्याभर पाणी पिऊन यावें. औंढ्यास नागनाथाच्या दर्शनास अनेक कुटुंबें जातात. तेथून सिद्धेश्वर व येलदरी एका दिवसांत पाहून होतात. मुलांस तर अवश्य न्यावें. आपल्या घरांतील दिवा व आपल्या पानांतील हळद कोठून येते, तें त्यांस पुस्तकापेक्षां तेथें लवकर समजेल.

रथसप्तमीस आमच्या घरीं हळदीकुंकू झालें. दरवर्षीं काकू त्या दिवशीं आंतल्या खोलींत बसतात. यंदा त्या ओटीवर येऊन बसल्या. जवळ परडी, परडींत तीं वसमतचीं हळकुंडें. आलेल्या प्रत्येक सुवासिनीच्या हातावर एकेक ठेवीत त्या सांगत होत्या, “घ्या, माझ्या माहेरची आहे.”